दोन बाजारांतली एक आई

१९७० साली आलेल्या ‘जॉनी मेरा नाम’मध्ये देव आनंद आणि प्राण हे ताटातूट झालेले सख्खे भाऊ आहेत आणि त्यांची आई आहेत सुलोचना लाटकर. जन्मसाले शेजारी मांडली की गंमत दिसते. प्राण १९२०चे, देव आनंद १९२३चे आणि त्यांची आई १९२८ची. एका मुलापेक्षा पाच वर्षांनी आणि दुसऱ्यापेक्षा आठ वर्षांनी धाकटी असलेली ही आई पाहताना प्रेक्षकांना काहीही खटकले नाही, कारण तोवर त्यांना त्याची सवय होऊन अकरा वर्षे झाली होती. १९५९च्या ‘दिल देके देखो’त त्या शम्मी कपूरच्या आई झाल्या होत्या, तेव्हा त्या एकतिशीत होत्या आणि शम्मी कपूर त्यांच्याहून तीन वर्षांनी लहान. सुलोचनाबाईंची कारकीर्द सांगताना हा मुद्दा बहुधा दोन तऱ्हांनी येतो. एक तऱ्हा कौतुकाची: तिशीतच त्यांनी मोठ्या मनाने आईच्या भूमिका स्वीकारल्या आणि पडद्यावरच्या मातृत्वाला घराघरांत पोहोचवले. दुसरी तऱ्हा तक्रारीची: एका चांगल्या नायिकेला चित्रपटधंद्याने वेळेआधीच म्हातारी करून टाकले. दोन्ही तऱ्हांत थोडेफार तथ्य आहे, पण दोन्ही एक गोष्ट गृहीत धरतात ती मुळात बरोबर नाही. सुलोचनाबाईंनी पडद्यावर एकच आई केली, असे ते गृहीत. प्रत्यक्षात एकाच काळात, एकाच चेहऱ्याने त्यांनी दोन अगदी वेगळ्या आया केल्या. मराठीतली आई चित्रपट आपल्या खांद्यावर घेऊन चालते. हिंदीतली आई नायकाची पार्श्वभूमी म्हणून येते आणि तीन-चार प्रसंगांत निघून जाते. हा फरक अभिनेत्रीच्या गुणांतून आलेला नाही, तो त्या दोन बाजारांच्या रचनेतून आला आहे, एवढेच येथे दाखवायचे आहे. त्यासाठी मधूनमधून जपानकडे पाहावे लागेल, कारण महायुद्धानंतरच्या त्याच वर्षांत तिथल्या अभिनेत्रींच्या वाट्याला जे आले ते समोर ठेवले की आपल्याकडचे अपरिहार्य वाटणारे बरेच काही अपरिहार्य राहत नाही.

सुलोचनाबाईंचा जन्म ३० जुलै १९२८चा, गाव खडकलाट. चिकोडी तालुक्यातले हे गाव आज कर्नाटकात आहे, पण त्याचे तोंड कोल्हापूरकडे. मूळ नाव रंगू. शाळा जेमतेम झालेली, बोली खेड्यातली. कोल्हापुरात मास्टर विनायकांच्या प्रफुल्ल पिक्चर्समध्ये त्यांनी पहिली किरकोळ कामे केली आणि त्याच कंपनीत त्या दिवसांत लता मंगेशकर नावाची एक मुलगी पोटासाठी छोट्या भूमिका करत होती. पुढे भालजी पेंढारकरांच्या जयप्रभा स्टुडिओत त्या आल्या, सुलोचना हे नाव त्यांना भालजींनी दिले आणि १९४६च्या ‘सासुरवास’पासून त्या नायिका म्हणून दिसू लागल्या. भालजींना त्या आयुष्यभर गुरू मानत राहिल्या आणि यात नुसता आदर नव्हता. तेव्हाची कोल्हापूरची चित्रपटसंस्था म्हणजे पगार, तालीम, भाषा, घोड्यावर बसणे, पदर सावरणे हे सगळे एका छपराखाली शिकवणारी शाळा होती. शिक्षण नसलेल्या, खेड्यातून आलेल्या मुलीला अभिनय हा व्यवसाय म्हणून पेलता येईल अशी दुसरी जागा तेव्हा महाराष्ट्रात नव्हती.

पण त्या शाळेत पाय ठेवेपर्यंत तिचे दिवस भरत आले होते. महायुद्धाच्या काळात कच्ची फिल्म परदेशातून येणे अवघड झाले, सरकारने तिच्यावर नियंत्रण आणले आणि चित्रपटाची लांबी अकरा हजार फुटांवर बांधली. युद्ध संपल्यावर नियंत्रण उठले, आणि युद्धात कमावलेला हिशेबाबाहेरचा पैसा घेऊन नवे निर्माते मैदानात उतरले. त्यांच्याकडे स्टुडिओ नव्हता, पगारी माणसे नव्हती. होता तो रोख पैसा, आणि तो एका नामवंत नटावर लावला की वितरक आगाऊ रक्कम देतो हे गणित. नट-नट्यांना महिन्याच्या पगारावर बाळगणाऱ्या संस्था या गणितापुढे टिकल्या नाहीत. प्रभातचा कारभार १९५०च्या दशकाच्या सुरुवातीलाच संपला. कोल्हापूरवर तर दुहेरी घाव बसला. गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत जयप्रभा स्टुडिओ भस्मसात झाला, ‘मीठ भाकर’ आगीत गेला आणि भालजींनी तो पुन्हा नव्याने चित्रित करून १९४९मध्ये पडद्यावर आणला. त्या चित्रपटाच्या नायिका सुलोचनाबाई. म्हणजे नायिका म्हणून नाव होऊ लागले त्याच वर्षांत ज्या संस्थांनी नायिका घडवल्या त्या संस्था मोडत होत्या.

जपानमध्ये याच्या नेमके उलट घडले. तिथे युद्धाने शहरे बेचिराख केली होती, चित्रपटगृहे जळाली होती, वर अमेरिकी ताब्यातल्या प्रशासनाची सेन्सॉरशिप होती. तरी स्टुडिओंची व्यवस्था तगली, इतकेच नव्हे तर फोफावली. शोचिकू, तोहो, दाइएई आणि बाकीच्या बड्या कंपन्यांकडे स्वतःचे स्टुडिओ होते आणि चित्रपटगृहांच्या साखळ्याही होत्या. त्या पडद्यांना दर आठवड्याला नवा माल लागे. १९५८मध्ये जपानी प्रेक्षकांनी वर्षभरात ११२.७ कोटी तिकिटे काढली आणि १९६०मध्ये ५४७ चित्रपट तयार झाले. एवढी भूक असली की सगळे चित्रपट तलवारबाजीचे करून भागत नाही. तरुण मुलींसाठी, गृहिणींसाठी, नोकरदार बायकांसाठी वेगवेगळे चित्रपट लागतात, आणि शोचिकूने तर स्त्री-प्रेक्षक हा आपला धंद्याचा पायाच मानला होता. सेत्सुको हारा, हिदेको ताकामिने, किनुयो तानाका या अभिनेत्रींचे मोठेपण त्यांच्या अंगच्या गुणांचे आहेच, पण त्या गुणांना वयाच्या प्रत्येक टप्प्यावर नवी कथा पुरवणारे यंत्र त्यांच्या पाठीशी होते. हा फरक लक्षात न घेता त्यांची आणि आपल्या अभिनेत्रींची तुलना करणे अन्यायाचे होईल. (त्या यंत्राची दुसरी बाजूही होती. बड्या कंपन्यांनी १९५३मध्ये आपसांत केलेल्या करारानंतर एका कंपनीची अभिनेत्री दुसरीकडे काम करायला गेली तर तिची वाट अडवली जाई. पण काम नाही म्हणून ती घरी बसत नसे.)

आता १९५३ हे एकच वर्ष घेऊ. त्या वर्षी यासुजिरो ओझूंचा ‘टोकियो स्टोरी’ आला. लहान शहरातले आईबाप टोकियोत मुलांकडे येतात, पोटची मुले त्यांना टाळतात आणि त्यांची खरी विचारपूस करते ती युद्धात मेलेल्या मुलाची विधवा, नोरिको. ती भूमिका सेत्सुको हारा यांची. त्याच वर्षी आपल्याकडे शांताराम आठवल्यांचा ‘वहिनींच्या बांगड्या’ आला. कथा य. गो. जोशींची, वहिनी सुलोचनाबाई. दिराला मुलासारखे वाढवणारी ही वहिनी म्हणजे रक्ताचे नाते नसताना घर सांधणारी बाई. दोन्ही चित्रपटांच्या कर्त्यांना एकमेकांची वार्ताही असण्याचे कारण नाही. तरी दोघांनी एकाच ठिकाणी बोट ठेवले आहे: कुटुंब मोडायला लागले की ते धरून ठेवण्याचे काम बाहेरून आलेल्या सुनेवर पडते. ओझूंची मांडणी संयत आणि आठवल्यांची भावुक, हे खरे, आणि कलाकृती म्हणून दोन्ही एकाच तोलाच्या आहेत असा दावा कोणी करू नये. पण जातकुळी एक आहे. दोन्हीकडे नाट्य घडते ते चौकटीच्या आत, स्वयंपाकघर आणि माजघर यांच्यामध्ये. दोन्हीकडे प्रसंग लहान आणि परिणाम दूरवरचे. आणि दोन्हीकडे चित्रपट एका बाईच्या चेहऱ्यावर उभा आहे. १९५०च्या दशकातला मराठी कौटुंबिक चित्रपट मुंबईच्या हिंदी चित्रपटाच्या शेजारी बसतो असे आपण मानतो, पण स्वभावाने तो बऱ्याचदा टोकियोच्या शेजारी बसतो.

याचे कारण मराठी माणसाच्या अंगभूत साधेपणात शोधू नये, ते पैशात आहे. मराठी निर्मात्याकडे भांडवल थोडे होते. मोठी नाचगाणी, काश्मीर, रंगीत फिल्म हे त्याला परवडत नव्हते. परवडत होती ती चांगली कथा, आणि ती मराठी नियतकालिकांत मुबलक होती. य. गो. जोशी, ग. दि. माडगूळकर यांच्यासारखे लेखक हाताशी होते आणि त्यांची मध्यमवर्गीय किंवा खेड्यातली कथा दोन खोल्यांत चित्रित करता येत होती. दुसरे म्हणजे मराठी चित्रपटाला हमखास येणारा प्रेक्षक होता तो कुटुंबाचा, त्यातही बायकांचा. तरुण पुरुष हिंदीकडे वळले तरी सासू-सून-नणंद मिळून मराठी चित्रपटाला जात. ज्याच्याकडे नट विकत घेण्याएवढा पैसा नाही आणि ज्याचा ग्राहक मुख्यतः स्त्री आहे, तो निर्माता बाईची कथा सांगणार हे उघड आहे.

आणि मग १९५९. त्या वर्षी ‘दिल देके देखो’बरोबर बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ही आला. अस्पृश्य घरातली अनाथ मुलगी वाढवणारी चारू ही उच्चवर्णीय गृहिणी सुलोचनाबाईंनी केली. नूतन सुजाता आणि शशिकला पोटची मुलगी रमा. चित्रपट नूतनचा म्हणून ओळखला जातो, आणि नूतनने तो अजोड केलाही आहे, पण त्यातला खरा संघर्ष चारूच्या मनातला आहे. सुजाता पहिल्यापासून सोशीक आहे आणि शेवटपर्यंत तशीच राहते. बदलते ती चारू. मुलीवर माया करायची पण तिला मुलगी म्हणायचे नाही, मुलीसारखी म्हणायचे, हे त्या पात्राचे दुखणे आहे, आणि जातिव्यवस्थेने सुशिक्षित, दयाळू माणसाच्या मनाची केलेली विकृती इतक्या नेमकेपणाने हिंदी पडद्यावर त्याआधी क्वचितच आली होती. नागपूरच्या वाचकाला येथे आणखी एक धागा दिसेल. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी दीक्षाभूमीवर धम्मदीक्षा झाली, त्यानंतर तीन वर्षांच्या आत हा चित्रपट आला. त्यात टागोरांची ‘चंडालिका’ आहे, बुद्धाला खीर देणाऱ्या सुजातेचे नाव नायिकेला आहे. मात्र त्यातला प्रश्न सवर्ण घराने मुलीला स्वीकारावे की नाही एवढाच राहतो. नागपुरात लाखोंनी स्वीकाराची वाट पाहणेच सोडून दिले होते, याची चाहूल बिमलदांच्या सुसंस्कृत बंगल्यात पोहोचलेली नाही. तरीही चारू ही भूमिका मोठी आहे, आणि सुलोचनाबाईंनी तिचा ताठरपणा गोड केला नाही, हे त्यांचे श्रेय.

घडले असे की हिंदीने ‘सुजाता’मधली गुंतागुंत घेतली नाही, पांढरी साडी आणि ओले डोळे घेतले. त्यानंतरच्या दोन-अडीच दशकांत सुलोचनाबाई हिंदीत इतक्या वेळा आई झाल्या की चित्रपटांची संख्या हिंदीत अडीचशेच्या आणि मराठीत पन्नासच्या आसपास सांगितली जाते. आकडा थोडा इकडेतिकडे असेल, प्रमाण बोलके आहे. आणि त्या एकट्या नव्हत्या. दुर्गा खोटे, लीला चिटणीस, ललिता पवार, सुलोचना: हिंदी चित्रपटातल्या आया आणि सासवा यांचे खाते बऱ्याच अंशी मराठी बायकांनी सांभाळले. ‘मुगल-ए-आझम’मधली जोधाबाई दुर्गाबाईंची, ‘आवारा’तली राज कपूरची आई लीलाबाईंची. हा योगायोग नाही. प्रभात आणि तत्सम संस्था मराठी-हिंदी अशा दुहेरी आवृत्त्या काढत, तेव्हा मराठी अभिनेत्री दोन्ही भाषांत नायिका होत्या. संस्था गेल्या, दुहेरी आवृत्त्या थांबल्या आणि दोन्ही भाषांमधला तो पूल पडला. मुंबईच्या नव्या बाजारात मराठी संस्थेत घडलेल्या, भूमिकेचे वजन पेलणाऱ्या बाईला जागा उरली ती चरित्रभूमिकेची.

यावर कोणी म्हणेल की नूतन, नलिनी जयवंत, उषा किरण या मराठी घरांतल्या अभिनेत्री हिंदीत नायिका झाल्याच की. झाल्या. पण नूतन आणि नलिनी जयवंत मुंबईत वाढल्या आणि पहिल्यापासून हिंदीतूनच आल्या. कोल्हापूर-पुण्याच्या मराठी संस्थेतून त्यांचा रस्ता गेलेला नाही. उषा किरण हा खरा अपवाद, त्यांनी दोन्हीकडे नायिका केल्या. एका अपवादाने रीत बदलत नाही, उलट उषाबाईंना ते किती कष्टाने साधले असेल याची कल्पना येते.

आता त्याच वर्षांतली मराठी आई पाहा. १९६१चा ‘प्रपंच’: माडगूळकरांची कथा, मधुकर पाठकांचे दिग्दर्शन, समोर शाहीर अमर शेख. गरीब कुंभाराच्या घरात मुलांची रांग लागलेली, आणि त्या रांगेखाली दबलेले नवरा-बायको. ही आई पूजनीय नाही, दमलेली आहे. मूल हे सुखही आहे आणि खाणारे तोंडही, हे एका चित्रपटाने एवढ्या स्पष्टपणे सांगावे आणि राज्याच्या पहिल्याच चित्रपट पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट ठरावा, ही मराठीला शोभणारी गोष्ट आहे. १९६३चा ‘मोलकरीण’ तर सगळा एका बाईचा आहे: ज्या मुलाला कष्टाने शिकवले त्याच्याच घरी राबणारी आई. १९६८चा राजा ठाकूरांचा ‘एकटी’ मुलगा दुरावल्यावर मागे उरलेल्या आईचा. ‘मराठा तितुका मेळवावा’मध्ये भालजींनी त्यांना जिजाबाई केले, आणि तिथेही त्या शिवाजीराजांना ओवाळायला उभ्या नाहीत, त्यांचा विचार घडवत आहेत. या चारही चित्रपटांत आई काय करते, काय ठरवते, तिचे काय होते, यावर कथा चालते. हिंदीत तीच बाई काय करते? मुलगा हरवतो म्हणून रडते, सापडतो म्हणून रडते, मधल्या दोन तासांत तिचे काय झाले हे विचारायची गरज कुणाला पडत नाही. ‘कटी पतंग’मध्ये त्या सासू आहेत, प्रेमळ आणि विश्वासू. राजेश खन्नाच्या गाण्यांमधून कथा त्यांच्याकडे येते ती नायिकेचे खोटे उघडे पडण्याची वेळ झाली की. ‘मोलकरीण’ केलेल्या अभिनेत्रीकडून एवढेच काम घेणे म्हणजे तोफेने फळ्यावरचा खडू पुसण्यासारखे होते.

नागपुरातून हा फरक अधिक ठळक दिसतो, कारण नागपूर या दोन बाजारांच्या शिवेवर आहे. १९५६पर्यंत हे शहर मध्य प्रदेशाची राजधानी होते, दोन भाषांच्या राज्याची. पुढे राज्य बदलले, पण चित्रपट वितरणाचे नकाशे राज्यांच्या सीमांनुसार बदलले नाहीत. विदर्भ हा सी.पी.-बेरार क्षेत्रातच राहिला, आणि ते क्षेत्र मुंबई क्षेत्राहून वेगळे, हिंदी मुलखाशी जोडलेले. मराठी चित्रपटाचा धंदा मुंबई-पुणे-कोल्हापूर-नाशिक या पट्ट्यात फिरत राहिला. ‘मराठी चित्रपट विदर्भात चालत नाही’ हे वाक्य निर्मात्यांच्या तोंडी इतके बसले की तो नियमच ठरला आणि नियम म्हणून पाळला गेल्यामुळे खरा ठरत राहिला. याचा परिणाम अभिनेत्रीच्या मोबदल्यापर्यंत पोहोचतो. विदर्भ आणि मराठवाडा मिळून महाराष्ट्राचा निम्म्याच्या आसपास भाग होतो. तेवढा भाग बाजारातून वजा केला की मराठी निर्मात्याच्या हाती उरते ती नायिकेला वर्षभर पोसू न शकणारी मिळकत. मग चांगली मराठी भूमिका वर्षाकाठी एक-दोन आणि घर चालवायला हिंदीतल्या पाच-सहा आया, असा हिशेब तिला करावा लागतो. इतवारीतल्या किंवा सीताबर्डीवरच्या प्रेक्षकाने सुलोचनाबाईंना मुख्यतः हिंदी आई म्हणून ओळखावे आणि ‘प्रपंच’ त्याच्या वाट्याला क्वचितच यावा, हा त्या हिशेबाचाच दुसरा चेहरा आहे.

सगळ्यात जोरकस आक्षेप संस्कृतीचा आहे. भारतात आईला देवता मानतात, म्हणून पडद्यावरही ती देवता होते, यात बाजाराचा संबंध काय? हा आक्षेप जपानसमोर ठेवला की ढिला पडतो. आईची पूजा तिथेही कमी नव्हती. दाइएई कंपनीने युद्धानंतरच्या दशकात आइको मिमासू या अभिनेत्रीला घेऊन रडक्या आयांच्या चित्रपटांची रांगच लावली, आणि त्या चित्रपटांनी बक्कळ धंदा केला. म्हणजे त्यागी आई दोन्ही समाजांना सारखीच हवी होती. फरक असा की तिथे रडक्या आईच्या शेजारच्या चित्रपटगृहात दुसऱ्या बाईची कथाही चालू असे. दुसरा आक्षेप वयाचा: तरुण नटाने म्हाताऱ्याचे काम करण्यात अन्याय कसला, ते तर कसब आहे. हे मान्य. ‘टोकियो स्टोरी’मध्ये चिशू र्‍यू म्हातारे बाप झाले तेव्हा पन्नाशीलाही आले नव्हते, आणि त्यांची थोरली मुलगी झालेल्या हारुको सुगिमुरा त्यांच्याहून जेमतेम पाच वर्षांनी लहान होत्या. म्हणून वयातले अंतर हा माझ्या मते पुरावा नव्हेच. पुरावा आहे तो परतीच्या वाटेचा. र्‍यू म्हातारे होऊन पुन्हा मध्यमवयीन होऊ शकत. हिंदीत एकदा आई झालेली बाई पुन्हा बाई होत नसे.

‘मदर इंडिया’चे काय, असे विचारले जाईल. १९५७मध्ये नर्गिस आणि त्यांचा पडद्यावरचा मुलगा सुनील दत्त जवळपास एकाच वयाचे होते, आणि चित्रपट निर्विवाद आईचा. पण तो आघाडीच्या नायिकेचा चित्रपट आहे. तिच्या नावावर पैसा उभा राहिला, तारुण्यापासून म्हातारपणापर्यंतचे तिचे आयुष्य दाखवले गेले, आणि त्यानंतर लवकरच नर्गिस लग्न करून बाजूला झाल्या. आईची भूमिका नायिकेला शिखर म्हणून मिळाली, चरित्र अभिनेत्रीला रोजगार म्हणून. हिंदीत या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मराठीत सुलोचनाबाईंच्या बाबतीत त्या एक होत्या.

एका बाबतीत मात्र मराठीची बाजू घेता येत नाही. ‘प्रपंच’ आणि ‘मोलकरीण’मधली आई चित्रपटाची मालकीण असली तरी तिला स्वतःसाठी काही हवे असण्याची मुभा नाही. मिकिओ नारुसेंच्या १९६०च्या ‘व्हेन अ वूमन असेंड्स द स्टेअर्स’मध्ये हिदेको ताकामिने गिंझातल्या बारची व्यवस्था पाहणारी तिशीतली विधवा आहे. तिला पैसा हवा आहे, दुकान हवे आहे, पुरुष हवा आहे, आणि यातले काहीही मिळाले नाही तरी चित्रपट तिला शिक्षा करत नाही. अशी बाई मराठीत होती, पण तिला घरात जागा नव्हती, तमाशाच्या फडात होती. हंसा वाडकर आणि जयश्री गडकर यांनी ती केली. १९५९च्या अनंत माने यांच्या ‘सांगत्ये ऐका’त या दोघी आणि सुलोचनाबाई एकाच चित्रपटात आहेत, आणि कामाची वाटणी पाहिली तरी हे कळते: इच्छा फडात, कर्तव्य वाड्यात. पुण्याच्या विजयानंदमध्ये हा चित्रपट १३१ आठवडे चालला, तेव्हा ती वाटणी प्रेक्षकांना मान्य होती असेच म्हणावे लागते. कौटुंबिक मराठी चित्रपटाने बाईला मध्यभागी ठेवले, पण ओंजळीत काही न घेता बसण्याच्या अटीवर.

जपानी अभिनेत्रीला त्या मध्यभागी पोहोचण्याची किंमत पडली नाही असेही नाही. सेत्सुको हारांनी १९४९च्या ‘लेट स्प्रिंग’मध्ये लग्नाला तयार नसलेली मुलगी केली आणि १९६०च्या ‘लेट ऑटम’मध्ये, त्याच धाटणीच्या कथेत, तशाच मुलीची आई. चाळिशीत आई, मुलगी झालेली योको त्सुकासा चौदा वर्षांनी लहान: अंतर पटण्याजोगे आणि चित्रपट दोघींचा. दोन वर्षांनी त्यांचा शेवटचा चित्रपट आला, १९६३मध्ये ओझू गेले आणि हारा कामाकुराच्या घरात निघून गेल्या, त्या २०१५मध्ये मृत्यू येईपर्यंत कॅमेऱ्यासमोर आल्या नाहीत. ‘चिरकुमारी’ असे बिरुद त्यांना चिकटवले होते, आणि त्या बिरुदाला कंटाळून त्या गेल्या असे मानायला जागा आहे. सुलोचनाबाईंना ‘चिरमाता’ करून ठेवले होते. त्या मात्र काम करत राहिल्या. १९९९मध्ये पद्मश्री, २००९चा महाराष्ट्र भूषण, आणि ४ जून २०२३ रोजी मुंबईत, चौऱ्याण्णव वर्षांचे आयुष्य संपेपर्यंत लोक त्यांना दीदीच म्हणत राहिले. हारांच्या निवृत्तीत बाणेदारपणा आहे आणि सुलोचनाबाईंच्या सातत्यात सोशिकपणा, अशी विभागणी करण्याचा मोह टाळलेला बरा. निवृत्त होणे हेही परवडावे लागते.

बाजाराच्या रचनेबद्दलचे हे म्हणणे खरे की खोटे हे तपासायची एक सोय इतिहासानेच करून ठेवली आहे. मराठीत आईचे वजन जास्त होते ते मराठी संस्कृतीमुळे असते, तर पैशाची रचना बदलल्यावरही ते टिकायला हवे होते. १९७१मध्ये दादा कोंडके यांचा ‘सोंगाड्या’ आला आणि मराठीला प्रथमच असा पुरुष तारा मिळाला की ज्याच्या एकट्याच्या नावावर चित्रपटगृहे भरत. त्या चित्रपटात आणि पुढच्याही काहींत आई आहे, रत्नमालांनी ती झोकात केली आहे आणि तिच्यावर हशे पडतात. पण ती दादांची ‘आये’ आहे. दादा येतात म्हणून ती येते, दादा चिडतात म्हणून ती बोलते. भाषा तीच, प्रेक्षक बराचसा तोच, आईवरची माया तीच, फक्त तिकीट आता नायकाच्या नावावर फाटत होते. ‘मोलकरीण’ला जेमतेम आठ वर्षे झाली होती. तोच बाजार पुढे उलट्या दिशेनेही वळून दाखवतो: १९९१मध्ये ‘माहेरची साडी’ला गावोगावच्या बायका लोटल्या, पुन्हा कुठल्याही पुरुष ताऱ्याशिवाय, आणि अलका कुबल रातोरात घरोघरी पोहोचल्या.